पाइनचं लाकूड

मी मारिंबा करायचो.
पट्टी ठोकायची, कान लावायचा,
जड वाटली तर रंधा, पुन्हा ठोकायची.
लाकूड बोलेपर्यंत घाई नाही,
हे बापाचं सांगणं. पाइनला तो हात लावू द्यायचा नाही.
पाइन मुकं, म्हणायचा.

मग हेलिकॉप्टरमधून लेफ्टनंट उतरला.
चर्चसमोरच्या पटांगणात उभं केलं आम्हाला,
अठरा ते साठ, सगळे पुरुष,
आणि म्हणाला, आजपासून तुम्ही
स्वेच्छेनं गावाचं रक्षण करणार.
ज्याची इच्छा नाही त्यानं हात वर करावा.

आंद्रेसचा हात खांद्यापर्यंत गेला
आणि त्यानं डोकं खाजवलं.

खऱ्या बंदुका सहा. माणसं एकशे नऊ.
सुतार कोण, त्यानं विचारलं,
आणि सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं.

लाकूड ओलं होतं, चीक बोटांना धरायचा.
पहिल्या दहा वाईट झाल्या.
अकराव्या बंदुकीला दस्त्याची गोलाई साधली.
हे सांगू नये, पण सांगतो:
ती खांद्याला लावून मी नेम धरला
आणि काम चांगलं उतरलं की वाटतं
तसंच वाटलं.

आठवड्यातून एक दिवस एक रात्र गस्त,
नंतर दोन. मका उभ्याउभ्या वाळला.
लांबून डोंगरातल्यांना खऱ्याच दिसतात,
लेफ्टनंट खूश होता.
डोंगरात माझा धाकटा हासिंतो होता,
त्याची बायको,
आणि ती पोर, जिला धुकं सोसायचं नाही.

फेब्रुवारीत ओढ्याच्या वरच्या अंगाला
रांग धरून आम्ही झुडपं हाणत निघालो.
डावीकडे गास्पार, त्याच्याकडे खरी.
उजवीकडे दोन शिपाई, चिखलाला शिव्या देत.
नेच्यांच्या गचपणात कुणी खोकलं.
लहान खोकला. तळव्यात दाबलेला.

मग मी खोकलो.
गुडघे टेकून खोकलो, डोळ्यांना पाणी येईस्तोवर.
क्षय झाला काय रे, शिपाई मागे सरकले.
म्हटलं, भुसा आहे. पाइनचा. छातीत बसलाय.
गास्पारनं माझ्याकडे पाहिलं, मग नेच्यांकडे,
पट्टा या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतला
आणि पुढे चालू लागला.

इथं थांबता आलं असतं तर.

एप्रिलात पुन्हा गेले तिथंच.
माझी पाळी नव्हती. गास्पारची होती.
संध्याकाळी तो आला आणि दारातच बसला,
बायकोनं दिलेली तोर्तिया हातात तशीच.
मी विचारलं नाही.
वीस वर्षं आम्ही एकाच झऱ्यावर पाणी भरतो,
पावसाचं बोलतो, डुकरांच्या भावाचं बोलतो.

परवा नगरपालिकेत रांग होती.
जुन्या गस्तवाल्यांना सरकार पैसे देतंय, हप्त्यानं.
टेबलामागचं पोरगं, मिसरूड नुकतं फुटलेलं,
म्हणालं, पुरावा?
मी गोणपाटातून अकरावी काढली.
ते हसलं. रांगेत कुणी हसलं नाही.
त्यानं दस्त्यावर पेनानं टक्कन मारलं, गंमत म्हणून,
आणि मला ऐकू आलं.
वाळलंय आता. चांगलं वाळलंय.

नाव?
हासिंतो, मी म्हटलं.
त्यानं तेवढं लिहिलं आणि मान वर केली,
आडनावासाठी.
मागे उभा गास्पार हळूच म्हणाला,
त्याचं नाव मातेओ आहे.
खोडा ते.