वांग्याची वरात

सुपडूमामाने फैजपूरच्या धाब्यावर मांडव घातला,
सागाच्या फळीवर, हातभर उंचीचा.
नवरदेव बामणोदचं भरताचं वांगं,
देठाचा मुंडासा,
मागे लवंगी मिरच्या वऱ्हाडी.

कॅमेरा भुसावळहून, कुणाचा तरी गहाण पडलेला.
एका वेढ्यात आठ चित्रं ओढायची त्याच्या दांडीला खोड;
लोहाराकडून दात झिजवून मामाने ती मोडली.
एक वेढा, एक चित्र.
सोळा झाली की एक सेकंद, तो म्हणे.
मला सेकंद ठाऊक नव्हता, जोंधळा ठाऊक होता:
जोंधळ्याएवढं वांगं पुढे सारायचं,
मग एकेक मिरची,
मग—
“हात काढ वं, द्वारके!”
वेढा.

नऊ दिवस.
ऊन शेंगेएवढं सरकलं तरी मामा शिव्या देई,
देवाला, हळूच.
एकदा माशी बसली.
राहू दे म्हणाला, पाहुणी आहे.
रात्री वांग्यावर ओलं फडकं,
तरी पाचव्या सकाळी गालाला सुरकुती.
दुसरं आणू, मी म्हटलं, परसात ढीग पडलाय.
मामा म्हणाला, लोक ओळखतील.

दहाव्या दिवशी मामीने पळकाट्या पेटवल्या.
ते कडू भरीत मामाने एकट्याने खाल्लं.

सावद्याच्या बाजारात, कनातीत, धुवट चादरीवर
सगळं चाळीस सेकंदांत उरकलं.
माशी आली, गेली. पोरं खिदळली.
निंबाची सावली फळीवरून पाण्यासारखी वाहिली.
आणि हिरवं वांगं, तिथे राखेच्या रंगाचं,
मांडवाच्या दारी पोचेस्तोवर
वाकलं, चुरमडलं, मुंडासा कलंडला,
मिरच्याही मागे वाळत आलेल्या.
हशा मधेच थांबला.
पेटीवाला भाता दाबायचा विसरला.
मागून एक म्हातारा एवढंच बोलला,
“पोचला बुवा.”

फिल्म पुढे बांगडीवाल्याने नेली, शेराच्या भावाने.
धुऊन उकळली की चकाकी द्यायचा रस होतो म्हणे.
वीतभर तुकडा माझ्या तंबाखूच्या डबीत उरला.
बारा चित्रं.
अकरांत वांगं, अजून तरणंताठं.
बाराव्यात माझा हात राहून गेलाय:
चार बोटं, एक काचेची बांगडी.
मामाला कधी सांगितलं नाही.
सावद्यात तो सगळ्यांच्या देखत गेला,
मी डोळे ताणून बसले होते,
मलाही दिसला नाही.

आता उन्हाशी धरला की दिसतो.
वांग्याला पुढे सारतेय,
की थांबवतेय,
ते चित्रावरून कळत नाही.