वीस तेत्री

ग्लदानीतल्या आमच्या इमारतीत
लिफ्ट फुकट चढत नाही.
पेटीच्या फटीत नाणं टाकायचं, वीस तेत्रींचं,
मग ती खाकरते, मग उचलते.
खाली यायला पैसे लागत नाहीत.
उतरणं इथे सगळ्यांनाच परवडतं.

पेटीची किल्ली माझ्याकडे.
दर शुक्रवारी कुलूप काढायचं, नाणी मोजायची,
वहीत आकडा, पिशवीत रक्कम
आणि दोन नाणी कोटाच्या डाव्या खिशात.
दोनच. अकरा वर्षं.
(एकदा तीन. त्या आठवड्यात दाढ काढली होती.)

जानेवारीत सातव्या मजल्यावरची एलिसो
लिफ्टमध्ये उभी राहू लागली.
सकाळी आठ ते रात्री आठ,
अंगात वडलांचा कोट, गळ्यात चिल्लरीची थैली,
छताच्या कोपऱ्यात काडेपेटीएवढा कॅमेरा.
कोणी आत आलं की विचारायची, "कितवा?"
आणि नाणं टाकायची.
बस्स, एवढंच.
ह्याला म्हणे परफॉर्मन्स म्हणतात.
माझ्या नवऱ्यानं बावीस वर्षं हॉटेलात हेच केलं,
त्याला कोणी काहीच म्हटलं नाही.

पहिला आठवडा लोक पाठ करून उभे.
दुसऱ्यात नझीब्रोलानं तिच्या हातात
जोंजोलीच्या लोणच्याची बरणी दिली, "धर जरा,"
आणि दुसऱ्या दिवशी परत घेतली.
वीस तेत्री वाचवायला आठ मजले चढणारे ओतार
(विचारलं तर म्हणायचे, डॉक्टरनं सांगितलंय)
एका दुपारी नऊ वेळा वरखाली झाले,
सुखुमीतल्या घराला किती खिडक्या होत्या
ते मजल्यागणिक सांगत.
एकदा वीज गेली, पाचव्या-सहाव्याच्या मध्ये.
फिल्ममध्ये ती अकरा मिनिटं नुसती काळी.
कोणीतरी संत्रं सोलतंय, फोडी वाटतंय,
तेवढं ऐकू येतं.
वास नाही येत. तो आम्हाला आला होता.

त्या महिन्यात पेटी गच्च भरली.
सगळी नाणी एकाच हातची.
मी त्यातलीही दोन घेतली.

मार्चमध्ये, बंद पडलेल्या शिलाई कारखान्यात,
भिंतीवर फिल्म लावली.
अख्खी इमारत दोन मिनीबस करून गेली.
बाप्यांना आपलं टक्कल
पहिल्यांदाच वरून दिसलं. हशा.
आणि मग शुक्रवार.
ती कोपऱ्यात स्टुलासारखी गप्प उभी असायची,
तिला मी विसरले होते,
कॅमेऱ्याला त्याहून.
चोराच्या मनात चांदणं म्हणतात,
माझं तर भिंतीवर पडलं होतं, बारा फूट रुंद.
माझे हात. एक नाणं. दुसरं.
खिसा.
मग मी आरशात बघून रुमाल सारखा केला,
जसं कुणाकडे जेवायला जायचंय.

कोणी हललं नाही.
मागून एक शहरी मुलगी कुजबुजली,
"हात बघ ना, किती सावकाश."
झुझुनानं न बघताच
सूर्यफुलाच्या बियांचा पुडा माझ्यापुढे केला.
मी घेतल्या. सालं मुठीत धरून बसले.

रात्री लिफ्टमध्ये आम्ही दोघीच.
कॅमेरा काढला होता, चार स्क्रूंची भोकं तेवढी उरलेली.
तिनं थैली झटकून दाखवली. रिकामी.
"कितवा?" तिनं विचारलं, माहीत असून.
"चौथा," मी म्हटलं,
आणि डाव्या खिशात हात घातला.
लिफ्ट खाकरली.