कडक भाकरी

यानाचं नाव आम्ही ठेवलं कडक भाकरी.
वाकत नाही, विटत नाही,
तुकडे झाले तरी कालवणात चालते.

तोफेवर तौफिक, नई जिंदगीतून.
ढालींवर शेळगीचा श्रीशैल,
जो प्रत्येक हल्ल्याआधी विचारतो, जेवलात का बे?
खाली इंजिनात मी.
आग विझवायची, भोकं बुजवायची,
बाहेरचं आभाळ मला कधी दिसत नाही.
आणि सुकाणूवर नागमणी येमुल, साखर पेठ.
तिच्या माईकमधून आधी माग ऐकू यायचा
खटाक्-खट, खटाक्-खट,
मग त्याच्यावर चढून ती:
"डावीकडं! डावीकडं म्हटलं ना!"

त्या रात्री अडीच वाजता
लघुग्रहांच्या पट्ट्यात, मागं तीन शिकारी नौका,
तिच्या घरातून हाक आली,
"नीळ्ळु वच्चिनय रा!"
पाचव्या दिवसाचं पाणी.
"आले," म्हणाली, आणि सुकाणू सोडून गेली.

मी इंजिन सोडून वर धावलो.
पहिल्यांदाच पाहिलं समोरचं आभाळ,
केवढं होतं ते,
आणि मला तर वळवताही येत नव्हतं.
श्रीशैल एकटाच चारी बाजू झाकत होता,
तौफिक शिव्या देत होता, उर्दूत, मग कानडीत,
खाली माझ्या इंजिनात आग लागलेली.

माईक चालूच होता तिचा.
बॅरलच्या तळाशी पाणी पडल्याचा पोकळ आवाज,
हळूहळू भरत, बारीक होत जाणारा.
घागर. दुसरी घागर.
कुणीतरी खोकलं. पाईप निसटला, हसू आलं कुणाला तरी.
इतकं स्वच्छ ऐकू येत होतं सगळं
की यान थडाथडा आपटत असताना
मला उशिरा कळलं,
का ऐकू येतंय ते.

अकरा मिनिटांनी आली.
"कोण चालवत होतं?"
"कुणीच नाही," मी म्हणालो, आणि खाली पळालो.
तौफिकला गप्प बसवत नाही.
"माग बंद आहे काय गं?"
"विकला. शनिवारी. किलोच्या भावानं गेला.
उजवीकडं बघ, दोन येतायत."

तो उजवीकडं बघत राहिला.
दोन्ही पाडल्या.
श्रीशैलनं जेवलात का विचारलं नाही.

सकाळी चार वाजता यान तळावर उतरलं तेव्हा
पंख्याएवढं भोक होतं पोटाला,
आणि मी ते सांधत बसलो,
गरज नसताना, नीट, कडेकडेनं.

आता ती हळू बोलते.
पूर्वी मागाच्या वर ओरडावं लागायचं,
आता भिंतीपलीकडं अप्पा झोपलेले असतात,
किंवा नसतात.
"डावीकडं," ती कुजबुजते,
आणि आम्ही चौघं, चार मोहल्ल्यांत,
तारे फुटत असताना
कुजबुजतच लढतो.