अर्धा तंबू

नेरूळ, सेक्टर वीस. गच्चीवर वाळत घातलेली
मेथी, गाजराच्या चकत्या, शिजवून मोकळी केलेली मूगडाळ.
कावळ्यांसाठी वरून हेमाची जुनी मच्छरदाणी.
साल्हेर ते चोर्ला, अडतीस दिवस, दोघीच.
स्वयंपाकघरातला काटा आता फक्त आमच्याशी बोलतो:
टूथब्रशची दांडी कापली, सहा ग्रॅम.
डायरीचे पुठ्ठे फाडले, एकेचाळीस.
हेमा म्हणाली, मंगळसूत्र किती भरतं बघ गं,
आणि खरंच काढून ठेवलं ताटलीत.

दोन महिने पाठीला बारा किलो कोलम बांधून
सात मजले वर, सात मजले खाली,
रविवारी पारसिकचा डोंगर.
लोखंडे मामा रोज विचारायचे,
ताई, लिफ्ट बंद आहे का?

रात्री फोन. नकाशात जिथे जिथे गाव,
तिथे एकच प्रश्न: मार्चमध्ये टाक्यात पाणी असतं का?
असतं की.
गेल्या साली होतं.
एक बाई म्हणाल्या, तुम्ही निघा, आम्ही सांगून ठेवतो.
कुणाला, ते विचारायचं राहिलं.

तंबू वाटून घेतला होता.
कापड आणि खुंट्या माझ्याकडे, काठ्या तिच्याकडे.
म्हणजे भांडलो तरी
संध्याकाळी एकाच जागी यावं लागेल.

गुडघ्याचं मंगळवारी कळलं, वाशीला.
बुधवारी ती दारात, साडीच्या दुकानाच्या पिशवीत काठ्या.
चहा नको म्हणाली, मग दोन कप प्याली.
काठ्या तिनेच काट्यावर ठेवल्या.
चारशे ऐंशी. एवढं वाढलं तुझं. काढ काहीतरी.
मग काढत बसलो दोघी:
दुसरा कप, दुसरा चमचा,
एकोणीस पुड्या मेथी, तिच्या अक्षरात
'हे. – रात्र' लिहिलेल्या.
पत्त्यांचा कॅट मी गुपचूप आत सरकवला,
तिने पाहिलं, बाहेर काढला,
पेशन्स खेळतेस का तू कधी?

साडेनऊला निघाली. सवयीने जिन्याकडे वळली,
थांबली,
आणि दोन महिन्यांत पहिल्यांदा बटण दाबलं.
लिफ्ट यायला फार वेळ लागतो आमच्याकडे.
आम्ही दोघी त्या लाल आकड्याकडे बघत उभ्या:
तीन. चार. चार. पाच.

मी दार लावलं नव्हतं अजून,
खालून लोखंडे मामांचा आवाज आला:
काय ताई, झाली का दुरुस्त?