उलट्या हाताचं माप

पॅरिसच्या लॅबमधून चिठ्ठी आली होती:
चेहऱ्यांत काहीच दिसत नाही, पुन्हा चित्रित करा.
याँदे दिऊफने ती वाचली, चौघडी केली
आणि डुगडुगत्या टेबलाच्या पायाखाली सारली.
‘दिसत नाही म्हणे.’
एवढंच.

दुसऱ्या दिवसापासून मीटर भिंतीकडे वळलाच नाही.
ती आपला उलटा हात उन्हात धरायची,
काट्याकडे बघायची,
मनाशी दीड घराची वजाबाकी,
मग भिंग.
भिंती पांढऱ्याफटक पडल्या तर पडू देत,
सिनेमा काय भिंतींचा आहे?

मी तिचा फोकसवाला, न्दियागा.
भिंगापासून डोळ्यापर्यंत फीत धरायची,
हा माझा बत्तीस वर्षांचा धंदा.

सेन-लुईच्या वाळूवर मासे वाळवणारी दिबोर
त्या संध्याकाळी आमची नायिका.
गालाच्या हाडावर शियाचं लोणी, बोटभर.
दिग्दर्शक घड्याळ बघून बघून कावला.
याँदे म्हणाली, थांब,
उजेड अजून कच्चा आहे.
मग तो पिकला.
दिबोरनं आमच्याकडे पाठ केली नाही,
पण बघतही नव्हती,
ती लाटांवरच्या होड्या मोजत होती
आणि मध्येच थांबली.
एक मीटर चाळीस.
माझा हात चाकावरून हलला नाही.
रीळ संपल्याची फडफड झाली
तरी याँदेचा डोळा कॅमेऱ्याला चिकटलेला.
होडी नंतर आली, रात्री, इंजिन बिघडून.
लॅबची चिठ्ठी या वेळी आली नाही,
नुसतं बिल आलं.

परवा डाकारच्या दवाखान्यात
तिच्या दोन्ही डोळ्यांवर पट्ट्या.
(मोतीबिंदू. डॉक्टरला तिनं विचारलं म्हणे,
नवं भिंग कुठल्या कंपनीचं?)
मला म्हणाली, भिंतीवर ऊन कसंय?
म्हटलं, पडद्यातून गाळलेलं, थोडं पिवळट,
खाटेच्या दांड्याची सावली मऊ.
किती?
मी माझा उलटा हात खिडकीशी धरला.
मीटर नव्हता.
चार, म्हणालो, चारला जरा कमीच.
तिनं उशीवर मान हलवली,
पटल्यासारखी, किंवा सवयीनं.

आणि तू किती लांब?
नव्वद सेंटिमीटर, मी फीत न काढता.
खोटं, ती म्हणाली,
तू दुपारी कांदा खाल्लायस.
सत्तर.