ऐन

माझ्या डोक्यावर, म्हणजे वरच्या मजल्यावर,
होदेलीव्ह तांघे राहतात.
लूव्हेनमध्ये ही खोली घेताना
मालक म्हणाला होता, बाई शांत आहेत,
फक्त रात्री खुर्ची सरकवतात.

एकतीस वर्षं त्या एकच पोथी लावताहेत.
मूळ अरबी गेलं; कुठे, ते कुणालाच ठाऊक नाही.
उरली लॅटिन नक्कल
आणि त्या नकलेच्या नऊ नकला,
एकीवर मेणाचा डाग, एकीच्या समासात
कुणा लेखनिकाची तक्रार:
बोटं गारठली, शाई गोठली,
मठात आज पुन्हा वाटाणेच.

बेचाळिसाव्या पानावर वाक्य आहे:
आत्मा आपल्या डोळ्यातून पितो.

डोळ्यातून कोण पितं?
पण पॅरिसच्या पंडितांनी हार मानली नाही.
तीनशे वर्षं खल केला.
एक म्हणाला, पाहणं हेच पिणं.
दुसऱ्याने त्याला पाखंडी ठरवलं.
तिसऱ्याने दोघांच्या मधून
अशी सुरेख वाट काढली
की तिच्यावरून अजून शोधनिबंध ये-जा करतात.
तांघेबाईंचाही एक आहे, तरुणपणचा.
त्याला पदक मिळालं होतं.
खिडकी वाऱ्याने आपटू नये म्हणून
ते आता फटीत खोचून ठेवलंय.

शुक्रवारच्या बाजारात बूजमा पुदिना विकतो.
मूळचा बर्कानचा.
त्या शुक्रवारी तो फोनवर भांडत होता,
गावाकडच्या वाटणीवरून:
थोरल्याने आईन स्वतःच्या हिश्श्यात घातला म्हणून.
बाई हातात जुडी धरून थांबल्या.
आईन? डोळा?
डोळा कसला, बूजमा ओरडला, पाणी! झरा!
आई तिथून घागरी आणायची माझी,
आणि आता त्या हरामखोराने कुलूप लावलंय.

पैसे न देताच त्या निघाल्या.
जिन्यात माझं दार वाजवलं,
जुडी अजून हातातच, मुळांची माती बाहीवर.

बाकीचं मला चहा गार होईपर्यंत कळलं.
तोलेदोत दोघे बसले असतील,
एक अरबी वाचून बाजारच्या बोलीत सांगणारा,
एक ते ऐकून लॅटिनमध्ये उतरवणारा पाद्री.
वाचणाऱ्याच्या मनात झरा होता.
त्याच्या गावात झऱ्यालाही डोळाच म्हणत.
पाद्र्याचं गाव बहुधा नदीकाठचं.
दोघांमध्ये टेबल, हातभर रुंद.
तेवढ्यात झरा आटला.

मी म्हटलं, माझ्याही भाषेत आलाय हा शब्द,
कुठल्या फौजेबरोबर की कुठल्या कारकुनाच्या दप्तरातून,
देव जाणे.
ऐन. ऐन दुपारी. ऐन उमेदीत. ऐन वेळी.
म्हणजे दुपारचा डोळा?
त्यांनी पेन्सिल शोधत विचारलं.
नाही.
मग दुपारचा झरा?
नाही हो. नुसती दुपार.
दुपारची जी दुपार असते ना, ती.
बराच वेळ त्या काही बोलल्या नाहीत.
तोही अर्थ आहे, मग म्हणाल्या.
कोशात, खाली.

वसंतात ग्रंथ छापायला गेला.
मजकुरात त्यांनी डोळाच ठेवला.
झरा तळटीपेत, मुंगीएवढ्या अक्षरांत.
चूक सापडून तशीच ठेवलीत? मी जरा चिडूनच विचारलं.
तीनशे वर्षं लोक तिथून पाणी प्याले, म्हणाल्या,
मी कोण कुलूप लावणारी?
आणि लगेच, स्वतःवरच वैतागून:
टीप तरी कुणी वाचेल का?

मोतीबिंदू काढल्यापासून
संध्याकाळचे थेंब मीच घालते.
त्यांचा हात थरथरतो,
निम्मं औषध गालावरून कॉलरमध्ये जातं.
मान मागे. अजून थोडी.
डावा झाला. आता उजवा.
थांबा, मिटू नका.
खाली दगडी रस्त्यावरून सायकली खडखडत जातात.
बूजमाचे दीड युरो
अजून द्यायचे राहिलेत.