पिशवी

ब्रागान्साच्या कोर्टात मला उभं केलं.
नाव झुल्मिरो. चौतीस वर्षं पोस्टमन.
सांगा, वकील म्हणाला, जमीन कोण कसत होतं?

देओलिंदा.
औरेलिओ फ्रान्सला गेला, मागे बांध ढासळला,
तो तिने रचला, दगडावर दगड, चुन्याशिवाय.
चेस्टनटची अकरा झाडं तीच छाटायची.
फाटकाला कडी होती, कुलूप कधीच नव्हतं.
चोरून नाही, भांडून नाही,
भर दुपारी, सगळ्या गावादेखत.

कायद्याला वीस वर्षं पुरतात म्हणे.
तिची एकतीस भरली.

मग दुसरा वकील उठला,
औरेलिओच्या नातवाचा, त्या तिएरीचा:
खंड म्हणून कधी काही दिलं तिने? पाठवलं?

दर नोव्हेंबरात चेस्टनटची एक पिशवी.
मीच तोलायचो. तीन किलो, कधी मूठभर जास्त.
पत्ता लियोंचा, सुतळीची गाठ तिच्या हातची.
खंड म्हणावा, तर जमीन त्याची.
दुसरं काही म्हणावं,
तर तिने कधी सांगितलं नाही,
आणि मीही, रोज तिच्या दारावरून जाणारा,
विचारलं नाही.

समोर ती बसलेली. नखांत काळी माती.
माझ्याकडे बघत नव्हती.

पिशवी जायची, मी म्हणालो.
पावती कधी आली नाही.
उलट टपाली एक ओळ नाही,
रिकामी पिशवीसुद्धा नाही.
एवढं मात्र लिहून घ्या.

कारकुनाची बोटं थांबली.
हे, त्याने विचारलं,
कुठल्या रकान्यात?